पडक्या दवाखान्यात कोण राहतं?

'हॉन्टेड हॉस्पिटल'च्या रील्स बघायला भारी वाटतात. पण ते हॉस्पिटल बंद का पडलं आणि तिथली माणसं कुठं गेली, हे कधी विचारलंय?

ग्रुपवर मेसेज पडतो, "शनिवारी रात्री जायचं का?" सोबत एका पडक्या इमारतीचा फोटो. खिडक्यांना तावदानं नाहीत, भिंतीतून पिंपळ आलाय आणि खाली एकच ओळ, "इथं रात्री पेशंटचं कण्हणं ऐकू येतं म्हणे." पाच मिनिटांत तिघे 'येतो' म्हणतात, एक जण घरच्यांचं कारण सांगतो आणि एक जण ट्रायपॉड आणायचं कबूल करतो. पुढची रील कशी असेल ते तुम्हाला पाठच आहे. हिरवट नाइट मोड, धापा टाकणारा आवाज, "गाईज, तुम्ही पण ऐकलं का?" आणि शेवटी सगळे पळत गाडीकडे.

या वेडाला नाव ठेवायला हा लेख लिहिलेला नाही. बंद दाराच्या आत काय असेल, ही उत्सुकता कुणाला नसते? शहाण्णव पायऱ्यांच्या विहिरीत उतरताना, उन्हाळ्यात उजनीचं पाणी ओसरल्यावर वर आलेल्या जुन्या गावांच्या भिंती बघताना पोटात जे होतं, तेच हे. ओस जागा खेचून घेतातच. भूत असतं की नसतं, हा वादही आज बाजूला ठेवू. प्रश्न वेगळाच आहे. शाळा ओस पडतात, साखर कारखाने बंद पडतात, गोदामं मोडकळीला येतात. पण भुताच्या यादीत दवाखाना आणि त्यातही वेड्यांचं इस्पितळच कायम वरच्या नंबरला का?

जगभर एकच गोष्ट

सगळ्यात गाजलेलं उदाहरण घ्या. अमेरिकेत केंटकी राज्यात लुईव्हिलजवळ वेव्हर्ली हिल्स नावाचं सॅनेटोरियम आहे. क्षयरोग्यांसाठी १९१० मध्ये सुरू झालं, आजची अवाढव्य इमारत १९२६ ची. आज तिथं तिकीट काढून रात्रभर भूत शोधता येतं. सांगितलं जातं की इथं ६३ हजार माणसं मेली. आता हिशेब करू. तिथंच काम केलेल्या एका डॉक्टरांच्या आठवणींनुसार सगळ्यात वाईट वर्षातही दीडशेच्या आसपास मृत्यू झाले होते. दवाखाना चालला साधारण ५० वर्षं. दरवर्षी तितकेच मृत्यू धरले तरी आकडा साडेसात हजारांच्या पुढे जात नाही. म्हणजे भुतांची संख्या आठपट फुगवलेली.

तिथला एक लांबलचक बोगदा रील्समध्ये हमखास दिसतो. त्यातून मृतदेह खाली नेत. ऐकून अंगावर काटा येतो. पण कारण काय होतं? वरच्या मजल्यांवर पडून असलेल्या पेशंटना रोज जाणारे मृतदेह दिसू नयेत, त्यांनी धीर सोडू नये, म्हणून. म्हणजे त्या बोगद्यामागे कुणाची तरी काळजी होती. आणि १९६१ मध्ये सॅनेटोरियम बंद पडलं ते शापामुळे नाही. १९४३ मध्ये स्ट्रेप्टोमायसिन सापडलं, पुढं आणखी औषधं आली, क्षय गोळ्या-इंजेक्शनांनी बरा होऊ लागला. पेशंट घरी गेले, म्हणून खाटा रिकाम्या झाल्या. खरं तर त्या इमारतीचं ओस पडणं ही माणसाच्या हातून घडलेली फार मोठी चांगली गोष्ट आहे. आपण तिथं जाऊन किंचाळतो.

दक्षिण कोरियातलं गोन्जियाम मनोरुग्णालय तर २०१८ च्या सिनेमामुळे तुमच्यातल्या अनेकांना माहीत असेल. गोष्ट अशी की तिथल्या संचालकाने पेशंट मारले आणि पळून गेला. प्रत्यक्षात ते १९९६ मध्ये बंद झालं, त्याचं कारण सांडपाण्याची व्यवस्था आणि मालकाच्या अडचणी. गटाराच्या प्रश्नावर कोण सिनेमा काढणार? सिनेमा आला त्याच वर्षी इमारत पाडूनही टाकली.

नीट बघितलं तर दोन्हीकडे एकच युक्ती आहे. बंद पडण्याचं साधं कारण झाकायचं आणि त्या जागी पेशंटलाच भूत करून उभा करायचा. जो माणूस आजारी होता, घरच्यांची वाट बघत होता, तो आता खिडकीतून हात काढणारा 'सायको' होतो.

चारशे बॅगांची गोष्ट

याच्या उलट काय घडू शकतं, तेही बघा. न्यूयॉर्क राज्यातलं विलार्ड मनोरुग्णालय १८६९ पासून चालू होतं, १९९५ मध्ये बंद झालं. आवराआवर करताना माळ्यावर चारशेहून जास्त सुटकेस सापडल्या. पेशंट भरती होताना सोबत आणलेल्या. नीट नावं लावून ठेवलेल्या. आत काय? कपडे, फोटो, पत्रं, पुस्तकं, दाढीचं सामान. चार दिवसांत घरी जायचंय, असं समजून भरलेल्या बॅगा. त्यांतले बरेच जण घरी गेलेच नाहीत. तिथल्याच दफनभूमीत गेले आणि थडग्यांवर नावाऐवजी नंबर आले. त्या बॅगा आता राज्याच्या संग्रहालयाने जपल्या आहेत, त्यांच्यावर प्रदर्शनं झाली, पुस्तक निघालं.

विचार करा, त्या माळ्यावर पहिल्यांदा कुणी रीलवाला पोचला असता तर? "गाईज, बघा, मेलेल्यांचं सामान!" इमारत तीच, बॅगा त्याच. बघणारा काय शोधायला आलाय यावर सगळं ठरतं.

आपल्याकडे 'येरवडा' बोलण्यातच आहे

आता घरी येऊ. महाराष्ट्रात सरकारी प्रादेशिक मनोरुग्णालयं म्हटलं की चार नावं येतात. नागपूर १८६४, रत्नागिरी १८८६, ठाणे १९०१ आणि पुण्याचं येरवडा १९१५. गंमत म्हणजे यातलं एकही ओस पडलेलं नाही. चारही ठिकाणी आज डॉक्टर आहेत, ओपीडी आहे, पेशंट आहेत. मग आपल्याकडे झपाटलेलं मनोरुग्णालय नाही का? आहे की. ते आपल्या तोंडात आहे.

"ह्याला येरवड्याला पाठवा." "ठाण्याचं तिकीट काढू का तुझं?" वर्गात कुणी एकटंच हसलं, कुणी पेपरच्या आधी रडलं, कुणी दोन दिवस बोललं नाही, की हे वाक्य ठरलेलं. करमाळ्याहून येरवडा दीडशे किलोमीटरच्या पुढे. त्या फाटकातून आत गेलेला आपल्यातला एकही जण नसेल, पण आत काय असतं ते सगळ्यांना 'माहीत' असतं. पिंजरे, साखळ्या, शॉक. हे कुठून कळलं? सिनेमातून आणि आता रील्समधून. न बघितलेल्या जागेची भीती म्हणजेच तर भुताची गोष्ट.

ही भीती अगदी हवेतून आलेली नाही, हेही मान्य करायला हवं. इंग्रजांच्या काळात या संस्थांचं पहिलं काम उपचार नव्हतं, 'वेड्या' माणसाला समाजापासून लांब ठेवणं हे होतं. १९१२ च्या कायद्याचं नावच 'इंडियन लुनसी अॅक्ट', म्हणजे वेडेपणाचा कायदा. तो स्वातंत्र्यानंतरही कित्येक वर्षं चालला. १९८७ मध्ये नवा कायदा झाला आणि २०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्याने पहिल्यांदा पेशंटला हक्क असलेला माणूस मानलं. तो २०१८ पासून लागू आहे. त्यात साखळीने बांधायला बंदी आहे, भूल न देता शॉक द्यायला बंदी आहे, आणि आपल्यावर कोणता उपचार व्हावा हे आधीच लिहून ठेवायचा हक्कही आहे. रील्समधलं हॉस्पिटल मात्र अजून १९१२ मध्येच अडकलंय.

कायदा बदलला तरी एक गोष्ट बदलायला तयार नाही. पेशंट बरा होतो, पण न्यायला कुणी येत नाही. घरचा पत्ता बदललेला असतो, फोन उचलला जात नाही, जमिनीत वाटा द्यावा लागेल म्हणून भाऊ ओळख दाखवत नाही. हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. बरे झालेल्या पेशंटना मनोरुग्णालयातून काढून भिक्षेकरी गृहात, वृद्धाश्रमात ठेवणं थांबवा, असं २०१९ मध्ये न्यायालयाला महाराष्ट्र सरकारला सांगावं लागलं. दवाखान्यात अडकलेला आत्मा शोधायचाच असेल तर तो हा आहे. जिवंत आहे, बरा आहे, बॅग भरून बसलाय.

याची किंमत कोण मोजतं?

"अहो, एक रील काढली तर काय बिघडतं?" हा प्रश्न रास्त आहे. एका रीलने काही बिघडत नाही. पण 'पागलखाना' हे थरथरत्या अक्षरांतलं टायटल हजार वेळा डोळ्यांखालून गेलं की काय होतं ते बघा.

बंगळूरच्या निम्हान्स संस्थेने २०१५-१६ मध्ये देशभर मानसिक आरोग्याची पाहणी केली. दहातल्या एका प्रौढाला तेव्हा कुठला ना कुठला मानसिक त्रास होता. आणि आजारागणिक यातल्या ७० ते ९२ टक्के लोकांपर्यंत उपचार पोचतच नव्हते. डॉक्टर कमी आहेत हे एक कारण आहेच. देशात लाखामागे एकही मानसोपचारतज्ज्ञ पडत नाही. तालुक्याच्या गावात तर विचारूच नका, सोलापूर शहरही शंभर किलोमीटरच्या पलीकडे. पण दुसरं कारण लाजेचं आहे. "लोक काय म्हणतील?" याचं उत्तर लोकांनी आधीच देऊन ठेवलंय, येरवडा.

२०२२ या एका वर्षात देशात १३ हजारांहून जास्त विद्यार्थ्यांनी जीवन संपवलं. राज्यांच्या यादीत महाराष्ट्र सगळ्यात वर होता. प्रत्येकाची गोष्ट वेगळी असणार, सगळ्यांचं खापर एका रीलवर फोडता येणार नाही. पण तुमच्या शेजारच्या बाकावरचा कुणी आज रात्री झोप येत नाही म्हणून डॉक्टरकडे जायचा विचार करत असेल, तर 'मेंटल हॉस्पिटल' म्हटल्यावर त्याच्या डोळ्यांसमोर काय यावं, हे थोडंफार आपल्या हातात आहे.

डॉक्टरकडे नाही गेलं तर माणूस कुठं जातो? आपल्या भागात हे वेगळं सांगायला नको. "बाहेरचं झालंय," असं कुणीतरी म्हणतं आणि मग देवऋषी, अंगारा, उतारा, गंडा. तमिळनाडूत एरवाडीच्या दर्ग्याजवळ असंच 'बाहेरचं' झालेल्यांना ठेवायची आश्रमं होती. ६ ऑगस्ट २००१ च्या पहाटे तिथल्या एका आश्रमाला आग लागली. आतली माणसं साखळदंडांनी बांधलेली होती. पळता आलं नाही. २८ जणांचा जीव गेला. हे हॉस्पिटल नव्हतं. हॉस्पिटलची भीती आणि भुताची खात्री, या दोघांनी मिळून उभी केलेली जागा होती.

तमिळनाडू लांब वाटत असेल तर आपल्याच तालुक्याकडे बघा. उंदरगावच्या एका स्वयंघोषित महाराजाला सप्टेंबर २०२१ मध्ये अटक झाली, तेव्हा सगळी चॅनेल्स तिकडं लागली होती. वडिलांचा गळ्याचा आजार बरा करतो म्हणून पैसे उकळल्याचा आरोप बारामतीकडच्या तक्रारदाराने केला होता. आरोप खरा की खोटा, ते ठरवणं कोर्टाचं काम. पण घरातलं माणूस आजारी असताना लोक दवाखान्याच्या आधी किंवा दवाखाना सोडून कुठं कुठं जातात, हे त्या गर्दीतून दिसलंच. डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या खुनानंतर २०१३ मध्ये महाराष्ट्रात जो जादूटोणाविरोधी कायदा झाला, त्यात भूत उतरवण्याच्या नावाखाली माणसाला बांधणं, मारणं हा गुन्हा आहे. भुताची भीती घालून कुणाला औषधोपचारापासून अडवणं हाही गुन्हा आहे. शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत.

मग आत गेल्यावर जे जाणवतं, ते काय?

ते खोटं नसतं. छातीत धडधड होते, मागं कुणीतरी उभं आहे असं वाटतं, हे सगळं खरंच होतं. फक्त कारण शोधायला थोडं थांबावं लागतं.

इंग्लंडमधल्या कॉव्हेंट्रीत विक टँडी नावाचा इंजिनियर एका प्रयोगशाळेत काम करायचा. तिथं सगळ्यांनाच अस्वस्थ वाटायचं, त्याला तर डोळ्याच्या कोपऱ्यात राखाडी आकृती दिसली. शोध घेतल्यावर कळलं की एक्झॉस्ट फॅनमुळे खोलीत सेकंदाला सुमारे १९ कंपनांचा, कानाला न ऐकू येणारा आवाज घुमतोय. फॅनची मांडणी बदलली, 'भूत' गेलं. १९९८ मध्ये त्याने हे छापलं. सगळी भुतं पंख्यातून येतात असं नाही, पण लांबलचक व्हरांडे आणि फुटक्या खिडक्यांतून वारा वाहतो तेव्हा आपलं शरीर बरंच काही ऐकतं.

आणि ते कण्हणं? गव्हाणी घुबडाचा आवाज एकदा ऐका. पांढरं तोंड, बिनआवाजाचं उडणं आणि माणूस किंचाळल्यासारखी चिरकणारी हाक. पडक्या इमारती ही त्याची आवडती घरं. शेतातले उंदीर खाऊन जगणारा हा पक्षी शेतकऱ्याचा दोस्त आहे. रात्री पाच मोबाइलचे टॉर्च त्याच्या घरट्यावर मारले की घाबरायची पाळी त्याची. व्हिडिओत जे लाल दिवे लुकलुकणारं 'भूत मीटर' दाखवतात, ते चुंबकीय आणि विद्युत क्षेत्र मोजतं. शेजारी मोबाइल असला तरी ते लुकलुकतं.

घाबरायचंच तर याला घाबरा

खऱ्या धोक्याची गोष्ट ब्राझीलची आहे. गोयानिया शहरात एक कॅन्सरचा दवाखाना दुसरीकडे हलला आणि रेडिएशनचं जुनं मशिन मागं ओस इमारतीतच राहिलं. सप्टेंबर १९८७ मध्ये दोघे जण भंगार मिळेल म्हणून आत शिरले, मशिनचा भाग काढून नेला. भंगारवाल्याने तो उघडला तर आत अंधारात निळसर चमकणारी पूड. त्याने नातेवाइकांना, शेजाऱ्यांना कौतुकाने वाटली. एक सहा वर्षांची मुलगी तिच्याशी खेळली. ते सिझियम-१३७ होतं. त्या मुलीसह चौघे गेले, २४९ जणांना किरणोत्सर्गाची बाधा झाली आणि लाखाहून जास्त लोकांची तपासणी करावी लागली. आपल्याकडेही २०१० मध्ये दिल्लीच्या मायापुरीत विद्यापीठातून भंगारात गेलेल्या कोबाल्ट-६० च्या यंत्राने एकाचा बळी घेतला. बंद दवाखान्यातली कुठलीही बाटली, पेटी, यंत्र उचलू नका, हे सांगायला याहून वेगळं उदाहरण कशाला हवं? सुया, गंजके पत्रे, कुजलेले जिने, झाकण नसलेल्या टाक्या आणि साप तर आहेतच.

करमाळा तालुक्याने अलीकडे खरोखर जीव मुठीत धरला तो कधी, आठवून बघा. डिसेंबर २०२० मध्ये बिबट्याने तालुक्यात तिघांचा जीव घेतला. शेतात पाणी द्यायला जायची कुणाची छाती होत नव्हती. अखेर त्याला गोळी घालावी लागली तेव्हा लोकांनी श्वास सोडला. २१ मे २०२४ ला कुगावहून कळाशीला निघालेली बोट उजनीत वादळी वाऱ्याने उलटली, सहा जण गेले. आणि शेजारच्या नगरला ६ नोव्हेंबर २०२१ ला जिल्हा रुग्णालयाच्या अतिदक्षता विभागाला आग लागून अकरा पेशंट गेले. त्याच वर्षी जानेवारीत भंडाऱ्याच्या जिल्हा रुग्णालयात आगीने दहा तान्ही बाळं गेली होती. यातल्या एकाही घटनेत भूत नव्हतं. होत्या त्या वायरिंग, बोटी, बंदोबस्त, तपासण्या. ज्यांच्याबद्दल कुणाला तरी प्रश्न विचारता आले असते अशा गोष्टी. चालू हॉस्पिटलमध्ये आग विझवायचं साधन आहे का, हे बघायला आपण कधी ट्रायपॉड घेऊन गेलोय?

जायचंच असेल तर…

जा. उत्सुकता मारू नका, तिला कामाला लावा.

• दिवसा जा आणि परवानगी घेऊन जा. 'ओस' म्हणजे 'बेवारस' नव्हे. इमारत जिल्हा परिषदेची, ट्रस्टची किंवा कुणाच्या तरी वारसांची असतेच. भारतीय न्याय संहितेच्या कलम ३२९ मध्ये अनधिकृत प्रवेशाला तीन महिन्यांपर्यंत आणि इमारतीत घुसण्याला एक वर्षापर्यंत कैद होऊ शकते. लाइक्स जामीन देत नाहीत.

• जुने केसपेपर, रजिस्टर, एक्स-रे सापडले तर त्यांचे फोटो टाकू नका. ते कुणाच्या तरी आजीचं, मामाचं दुखणं आहे. मानसिक उपचार घेणाऱ्याचा फोटो किंवा माहिती त्याच्या संमतीशिवाय माध्यमांत देण्याला २०१७ च्या कायद्याने बंदी आहे.

• गावातल्या म्हाताऱ्या माणसांशी बोला. इथं नर्सबाई कोण होत्या, पहिलं बाळंतपण कुणाचं झालं, साथीत काय झालं, दवाखाना कधी आणि का बंद पडला? या गोष्टी कुठंही छापलेल्या नाहीत. त्या माणसांबरोबर त्याही जातील.

• मग हिशेब मांडा. सरकारी निकषाप्रमाणे सपाट भागात पाच हजार लोकांमागे एक आरोग्य उपकेंद्र आणि तीस हजारांमागे एक प्राथमिक आरोग्य केंद्र हवं. तुमच्या गावात ते आहे का? असेल तर दार उघडं असतं का? नर्सच्या राहायच्या खोल्या पडक्या असतील तर रात्री बाळंतपणाला कोण येतं? दहा रुपयांच्या शुल्कात माहिती अधिकाराचा अर्ज होतो आणि साधारण तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं.

• आणि रील नक्की काढा. जर्मनीत बेलिट्झला क्षयरोग्यांचं जुनं सॅनेटोरियम असंच पडीक होतं, पोरं रात्री घुसायची. २०१५ मध्ये तिथं अवशेषांच्या वरून झाडांच्या शेंड्यांमधून जाणारा पूल बांधला. आता माणसं तिकीट काढून भर दिवसा जातात, इतिहास ऐकतात. त्या मोडक्या भिंती तेवढ्याच जबरदस्त दिसतात. कॅमेऱ्याला अंधारच लागतो असं कुठं आहे?

एक नंबर सेव्ह करा

एवढं सगळं वाचून काहीच करायचं नसेल तरी हरकत नाही. दोन छोट्या गोष्टी करा. पहिली, 'येरवडा' आणि 'ठाणे' हे शब्द शिवी म्हणून वापरणं सोडा. ग्रुपवर दुसऱ्या कुणी वापरले तर भाषण न देता फक्त हसू नका, तेवढं पुरतं. मेसेजला हसणारा इमोजी मिळाला नाही की पोरं आपोआप शब्द बदलतात.

दुसरी, १४४१६ हा नंबर मोबाइलमध्ये ठेवा. टेली-मानस नावाची सरकारी सेवा आहे, ऑक्टोबर २०२२ पासून सुरू आहे. दिवसा-रात्री कधीही लागते, पैसे लागत नाहीत, मराठीत बोलता येतं, सोलापूर-पुण्याला जावं लागत नाही. स्वतःसाठी लागेल, रूममेटसाठी लागेल, घरी गप्प गप्प राहणाऱ्या भावासाठी लागेल. आपला त्रास फोन करण्याएवढा मोठा आहे का, असा प्रश्न पडला तरी फोन करा. ते ठरवायलाच तिकडं माणसं बसलेली आहेत.

दवाखाना ही जागा मुळात माणसं बरी होऊन घरी जावीत म्हणून बांधलेली असते. पडका असो की चालू, तिथं गेलात तर एवढं विचारा, इथून किती जण घरी गेले आणि कोण राहून गेलं?